व्हर्नाचं सारण

थँक्सगिव्हिंगच्या सकाळी सहालाच व्हर्नाने कांदा-सेलरी लोण्यात परतली, दोन दिवस वाळवलेल्या पावाच्या तुकड्यांत कालवली आणि सारण स्लो कुकरमध्ये लावलं. सून यंदाही फोनवर म्हणाली होती, "मॉम, तुम्ही येण्याची दगदग करू नका. सारण तेवढं पाठवा. तुमच्या सारणाशिवाय टर्की घशाखाली उतरत नाही बघा."

अकराला मुलगा डेल आला. गाडी चालूच ठेवून आत शिरला, दाराजवळचा कुकर उचलला आणि "पळतो गं, पाहुणे यायचेत," असं ओरडून गेलासुद्धा. व्हर्ना बाथरूममधून येते तो ओट्यावर तिचा कुकर तसाच वाफाळत होता. डेलने नेला तो चर्चच्या सेलसाठी काढून ठेवलेला जुना कुकर, झाकण रबराने आवळलेला, आतून रिकामा.

तिने तीनदा फोन लावला. कुणी उचलला नाही. ऐन सणाला आपल्यामुळे मुलाची फजिती झाली, या विचाराने दिवसभर तिच्या पोटात अन्न गेलं नाही.

संध्याकाळी सुनेचा फोन आला.

"सारण कसं झालं विचारायला फोन करत होतात ना, मॉम? अहो, सगळ्यात आधी तेच संपलं! पोरांनी भांडंसुद्धा चाटून पुसून ठेवलं."

व्हर्नाने ओट्याकडे पाहिलं. कुकर काठोकाठ भरलेला होता.

"मीठ जास्त नव्हतं ना झालं?" तिने हळूच विचारलं.

"छे हो! अगदी दरवर्षीसारखंच झालं होतं."