गांजाची बिस्किटं आणि बायकोचा कुत्रा

माझ्या गुडघ्यांसाठी भाच्याने आणलेली गांजाची बिस्किटं बायकोच्या लाडक्या कुत्र्याने फस्त केली आणि तो उभ्याउभ्या डुलायला लागला. बायको त्याला ओकवायला मिठाचं पाणी घेऊन धावली. “काही पाजू नका, आधी इकडे आणा!” फोनवर प्राण्यांच्या डॉक्टरीणबाई ओरडल्या. तपासून त्या म्हणाल्या, “वाचेल. अंधाऱ्या खोलीत ठेवा, जवळ बसा.” घरी बायकोने त्याला माझ्या शालीत गुंडाळलं आणि तासभर कपाळ कुरवाळलं. मला ताप आला तेव्हा हिने थर्मामीटर दारातूनच भिरकावला! “मीपण एक खाल्लंय,” मी थाप मारली. “मग बाहेर जाऊन डुला, त्याची झोप मोडेल.” तेवढ्यात तो उठला, झोकांड्या खात तिला ओलांडून आला आणि माझ्या मांडीवर डोकं ठेवून घोरायला लागला. “मेल्या, भरवते मी आणि मांडी यांची?” बायको कडाडली. संध्याकाळपर्यंत मी हललोच नाही.