गुळाचा खडा

सातपुड्याच्या पोटात मेलेल्यांचं गाव आहे. जळगाव जामोदहून जीपने, मग पायी जयमाला तिथं पोचली. पाच वर्षांची लेक तिला सापडलीही. वेशीच्या ओट्यावरल्या म्हातारीनं बजावलं, “पोरीले घेऊन जाय, बाई. पण तुह्यं काहीच इथं ठेवू नको. कणभर राह्यलं, तरी पोर इथंच राह्यते.” जयमालानं गळालेला केससुद्धा उचलून पदरात बांधला. निघताना पोरीला तहान लागली. म्हातारीनं वाटीभर ताक दिलं, पोर घटाघटा प्यायली. जयमालानं वाटी पदरानं पुसली, वाटेसाठी आणलेल्या गुळाचा खडा तीत ठेवून ती म्हातारीच्या हातात दिली. “रिकामी कशी देऊ, मावशी?” बोलून होईस्तोवर तिच्या मुठीतलं पोरीचं बोट नाहीसं झालं. म्हातारी गुळाकडं बघत राहिली. “म्याबी वाटी रिकामी देली नव्हती, माय,” ती म्हणाली आणि ओट्यावर सरकून तिनं जयमालाला जागा केली.