केसरची भाषा

वेड्यांच्या इस्पितळाचं ते पत्र उत्तमरावांनी आठ महिने कोटाच्या खिशात तसंच ठेवलं होतं. हैदराबाद राज्याचे भाषावार तुकडे पडत होते आणि रुग्णांचीही भाषेप्रमाणे वाटणी चालली होती. 'तुमची बहीण केसर बोलत नाही. सकाळी दहाला आंघोळीला नेलं की भिंतीवर डोकं आपटते. तिची भाषा कळवावी.'

कळवायचं म्हणजे बहीण आहे हे कबूल करायचं. इकडे मुलीचं लग्न ठरत होतं.

मग हैदराबादेत, गौलीगुड्यातल्या त्यांच्या घराची भिंत रोज दहाला धाडधाड वाजू लागली. एके दिवशी डोक्याच्या उंचीवर गिलावा फुटला. त्यात रक्ताने चिकटलेले लांब केस होते.

"अहो, पलीकडे कोण आहे?" बायकोने विचारलं.

"कोणी नाही. गल्ली आहे."

"मग पाहुण्यांना काय सांगू, उंदीर आहेत म्हणून?"

उत्तमरावांनी त्याच दिवशी इस्पितळाला लिहिलं, 'या नावाची आमची कोणी नाही.' कोपऱ्यावरच्या टपालपेटीत त्यांनी पत्र सोडलं.

पेटी आतून धाडकन वाजली. फटीतून गरम रक्त त्यांच्या बोटांवर ओघळलं.

"दादा," आतून केसर म्हणाली, "भाषा लिहायची राहिली की."