मधली रेघ

पडद्यावर एकाच बाईच्या जुळ्या बहिणी करून दाखवण्यात या कॅमेरावाल्याचा हात कुणी धरू शकत नसे. स्टुडिओत म्हणत, "लोकांना एक बायको सांभाळताना नाकी नऊ येतात, हा दोन-दोन नाचवतो!"

अर्धं भिंग काळ्या पुठ्ठ्याने झाकून तो बायकोला डावीकडे बसवून चित्रण करी. मग तीच फिल्म मागे गुंडाळून, पुठ्ठा सरकवून, उजवीकडे. मधली रेघ ओलांडायची नाही, एवढाच नियम. ओलांडणारी पडद्यावर अर्धी कापली जाई.

या वेळी डावी बहीण टिपून झाली आणि बायकोला ताप भरला. उजवी राहूनच गेली. फिल्म धुणाऱ्याने मात्र ती अर्धी कोरी फिल्म तशीच धुऊन टाकली.

"बघू तरी, किती वाया गेलंय," म्हणत कॅमेरावाला बायकोला घेऊन अंधारात पडद्यासमोर बसला.

उजवीकडे नुसता काळोख हवा होता. तिथे दुसरी बहीण बसली होती.

"अगं, तू उजवीकडे कधी बसलीस?"

"मी? अहो, मी अंथरुणात पडून होते! ही बया कोण?"

पडद्यावरची उजवी उठली. सावकाश चालत तिने रेघ ओलांडली. कुठेच कापली गेली नाही. डावीच्या मागे उभं राहून तिने तिच्या तोंडावर तळहात ठेवला.

"अहो, बंद करा ते, मला—"

शेजारचा आवाज मध्येच दाबला गेला.