सुटलेला झेल

जयवंत सुर्वेचा चेंडू बॅटची कड घेऊन मागे गेला आणि यष्टीरक्षक हॅरीच्या ग्लोव्हजमधून निसटून गवतावर पडला. समोर शेवटची जोडी खेळत होती. हा झेल घेतला असता, तर सामना तिथेच संपला असता आणि इंग्लंडच्या कौंटी क्रिकेटमधली जयवंतची कारकीर्दही. हा आपला शेवटचा सामना, हे त्याने आधीच सांगून टाकलं होतं.

"माफ कर रे, तुझा शेवटचा बळी मी घालवला," हॅरी रडवेला झाला.

पलीकडून एक षटक झालं आणि कर्णधाराने चेंडू पुन्हा जयवंतकडे दिला. गुडघा ठणकत होता, पण नाही म्हणवेना. रनअप घ्यायला वळला, तर सीमारेषेपाशी त्याची बायको शालन! हॉस्पिटलची ड्यूटी संपवून, नर्सच्या गणवेशातच, धापा टाकत नुकतीच पोहोचली होती. कौंटीचा पगार उन्हाळ्यापुरता. हिवाळ्यात घर चालायचं ते तिच्या नोकरीवर. त्या नोकरीपायी तिने त्याला मैदानावर कधी पाहिलंच नव्हतं.

जयवंत धावत सुटला. मधला स्टंप उखडून मागे पडला.

हॅरीने मिठी मारली, तेव्हा जयवंत त्याच्या कानात म्हणाला, "बरं झालं बाबा, झेल सुटला."

मग लंगडत जाऊन त्याने चेंडू शालनच्या हातात ठेवला. तिने तो तळहातावर तोलून पाहिला.

"अहो, केवढा जड आहे हा! आणि रोज घरी येऊन म्हणायचात, आज काही फारसा दमलो नाही."