पळवून नेलं

"वय किती तुझं?" न्यायमूर्ती बाईंनी विचारलं.

"चोवीस," क्रांती म्हणाली. आवाज इतका खणखणीत, की मागच्या बाकावर पेंगणारे एक वकील दचकून नीट बसले.

तिच्या वडिलांनी, उचगावच्या जोतीराम आण्णांनी, कोल्हापूरच्या हायकोर्टात अर्ज घातला होता. पोरीला फूस लावून पळवून नेलंय, कोर्टानं ती शोधून आमच्या ताब्यात द्यावी. शोधायला काही लागलं नव्हतं. पोलिसांचा फोन गेला आणि क्रांती आपणहून हजर झाली. आण्णा एका बाजूला उभे होते, हातात टोपी घेऊन. दुसऱ्या बाजूला विश्वजित, चंदगडकडचा हायस्कूल मास्तर, पंधरा दिवसांचा नवरा. जात वेगळी, एवढाच त्याचा गुन्हा. आण्णांच्या भावकीला तेवढा पुरेसा होता.

आण्णांचे वकील उठले. "सात तारखेला सकाळी या इसमानं अर्जदारांच्या मुलीला दुचाकीवरून पळवून नेलं."

"खरं आहे?" बाईंनी क्रांतीला विचारलं.

"दुचाकीचं खरं हाय, बाईसाहेब. बाकीचं उलटं सांगत्यात."

"म्हणजे?"

"ह्यांनी मला न्हाई नेलं. मी ह्यांना नेलं. ह्यांना गाडी येत न्हाई, सगळा जलम एसटीत गेलाय. गाडी मी चालवत हुतो."

कोल्हापूरच्या पोरी स्वतःबद्दल पुरुषासारखं बोलतात, याची बाईंना एव्हाना सवय झाली होती. त्यांनी विश्वजितकडे पाहिलं. त्याचे कान लाल झाले.

"मी मागं बसलो होतो," तो म्हणाला.

कोर्टात खसखस पिकली. वकिलांना ती झोंबली. "उचगाव ते चंदगड शंभराच्या वर किलोमीटर आहे. मागं आडदांड पुरुष बसवून एक मुलगी एवढी गाडी मारेल, हे कुणाला तरी पटेल का?"

एवढं मात्र आण्णांना सोसलं नाही.

"का न्हाई मारणार, ओ वकीलसाहेब? नववीत असताना मी शिकवलीया तिला! उसाच्या दोन ट्रॉल्यांमधनं गाडी काढती माझी पोरगी. चंदगडचं काय घिऊन बसलाय, गोव्याला जाऊन येईल!"

आपण काय बोलून बसलो हे आण्णांच्या ध्यानात आलं. वकिलांनी फाईल मिटली. नववीतल्या पोरीला बिनलायसनची गाडी शिकवल्याचं न्यायमूर्तींनी ऐकून न ऐकल्यासारखं केलं.

"बाबा, मुलगी सज्ञान आहे," बाई समजुतीनं म्हणाल्या. "तिनं कुणाशी संसार करायचा हे तुम्ही ठरवायचं नाही. आम्हीही नाही." मग क्रांतीला, "तुला कुणाबरोबर जायचंय?"

"गाडी आणलीया मी. ह्यांना घिऊन जाणार." ती वडिलांकडे वळली आणि पहिल्यांदाच तिचा आवाज जरा हलला. "आण्णांनाबी घरला सोडलं असतं. पण तिघं बसलं की पोलीस धरत्यात."

आण्णांनी मान खाली घातली. पोरगी आता घरी येणार नव्हती, हे त्यांना तिथं उभ्या उभ्या कळलं.

बाहेर फाटकापाशी सगळी भावकी थांबली होती. क्रांतीनं हेल्मेट घालून गाडी सुरू केली. विश्वजित बोडक्या डोक्यानं मागं बसला. आण्णा आपल्या जुन्या मोटारसायकलपाशी गेले, आरशाला अडकवलेलं हेल्मेट काढलं आणि सरळ त्या दोघांपुढं जाऊन उभे राहिले. विश्वजित घाईघाईनं खाली उतरला.

आण्णांनी त्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. मग हेल्मेट पुढं केलं.

"हे घाला, पावणं. लई जोरात मारती ती."

क्रांतीनं मागं वळून पाहिलं नाही. गाडी मात्र तिनं, कधी नव्हे ती, अगदी सावकाश काढली.

गाडी वळणाआड गेली तसा आण्णांचा धाकटा भाऊ फणकारला, "जावयागत पावणं म्हणालास व्हय त्याला?"

"रस्त्यात भेटंल त्याला आपण पावणंच म्हणतो की," आण्णा म्हणाले, आणि टोपी घट्ट बसवून त्यांनी गाडीला किक मारली.