अंबादासचे हात

सोलापूरची बंद पडलेली गिरणी तीस वर्षांनी पुन्हा सुरू झाली, ती अंबादास चिप्पाच्या हातांवर. शास्त्रज्ञांनी त्याच्या हातांची सगळी सवय उतरवून घेतली आणि दोनशे पोलादी हातांत भरली. म्हातारा नरसय्या बोल्ली तेव्हापासून जळत होता. अंबादासला माग शिकवला त्याने, आणि पेपरात फोटो मात्र अंबादासचा.

शेवटी न राहवून तो गिरणीत गेला, चुका काढायलाच. एका मागावर सूत तुटलं. पोलादी हातांनी गाठ मारली आणि मारताना उजवी करंगळी ताठ वर धरली.

नरसय्याने स्वतःची करंगळी पाहिली. तरुणपणी मागावर आडवं सूत घेऊन धावणाऱ्या धोट्याचा मार बसल्यापासून ती वाकतच नव्हती.

"तुझी करंगळी तर धड आहे," तो शेजारी येऊन उभ्या राहिलेल्या अंबादासला म्हणाला.

"तुमचं बघून शिकलो ना, मामा. मला वाटायचं, गाठ मारताना ती वर धरायचीच असते. मी त्या लोकांना तुमचंही नाव सांगितलं होतं. आले नाहीत का तुमच्याकडे?"

आले होते. पण अंबादासला आधी विचारलंय हे कळताच नरसय्याने त्यांना दारातूनच परत पाठवलं होतं.

"कुणी नाही आलं," नरसय्या म्हणाला, आणि पुन्हा सूत तुटायची वाट बघत मागापाशी उभा राहिला.